फाइल मेलेली नव्हती

मा. संपादक,
स.न.वि.वि.

आपल्या रविवारच्या पुरवणीतलं संगणकविषयक प्रश्नोत्तरांचं सदर मी नेमाने वाचते. मागच्या खेपेला एका वाचकाने विचारलं होतं, की पंधरा-वीस वर्षांपूर्वी खिशातल्या डिजिटल रेकॉर्डरवर केलेली ध्वनिमुद्रणं नव्या संगणकावर वाजत नाहीत, काय करावं? उत्तर तीन ओळींत आटोपलं होतं. फॉरमॅट कालबाह्य झाला आहे. इंटरनेटवरून एखादा कोडेक पॅक (निरनिराळे फॉरमॅट उलगडणाऱ्या छोट्या प्रोग्रामांचं गाठोडं) उतरवून पाहा. तरीही वाजलं नाही तर फाइल्स खराब झाल्या असं समजून काढून टाका, डिस्कवर जागा होईल. यातला मधला सल्ला धोक्याचा आहे. शेवटचा वाचून तर मी हातातला चहा खाली ठेवला. पत्र लांबलं तर कात्री आपल्याच हाती आहे, फक्त शेवटचा परिच्छेद कापू नये एवढी विनंती.

मी संगणकतज्ज्ञ नाही. सव्वीस वर्षं मी दुसऱ्यांनी घेतलेल्या मुलाखती ऐकून कागदावर उतरवल्या. सुरुवातीला कॅसेट असायच्या आणि टेबलाखाली पायाने दाबायचं पेडल. पुढे फाइल्स आल्या, पेडल माळ्यावर गेलं आणि विनॲम्प आला. १९९७ साली निघालेला हा छोटासा प्लेअर गाण्यांसाठी प्रसिद्ध होता, पण माझं पोट त्याने भरलं ते त्याच्या प्लगइन्समुळे, म्हणजे प्लेअरला जोडायच्या छोट्या पुरवण्यांमुळे. विनॲम्पच्या फोल्डरात 'प्लगइन्स' नावाचा आणखी एक फोल्डर असे आणि त्यात नावाच्या शेवटी 'डीएलएल' असलेल्या पाचपन्नास फाइल्स; एकेक फाइल म्हणजे एकेक प्लगइन. नावाच्या सुरुवातीवरून कोण काय करतं ते कळायचं. 'इन'वाली फाइल वाचणार, 'आउट'वाली आवाज बाहेर पोहोचवणार, 'डीएसपी'वाली मधल्या मधे आवाजावर संस्कार करणार, 'व्हिस'वाली गाण्याच्या तालावर रंगीत चित्रं नाचवणार आणि 'जेन'वाली बाकीची वरकामं करणार. एमपीथ्री वाचायचं काम मुख्य प्रोग्रामला येतच नव्हतं. त्यासाठीही 'इन' गटातलं एक प्लगइन ठेवलेलं होतं. पोराने ते चुकून पुसलं तर विनॲम्प उघडायचा, पण एमपीथ्रीपुढे मुका.

माझी भिस्त दोन प्लगइन्सवर होती. एक पेसमेकर, डीएसपी गटातलं. बोलण्याचा वेग कमी करायचा, पण पट्टी तीच ठेवायची. कॅसेटचा वेग कमी केला की बाईचा आवाज पुरुषाचा व्हायचा. इथे बाई बाईच राहायची, फक्त सावकाश बोलायची. किती सावकाश, याला मात्र मर्यादा होती. विनॲम्पच्या नियमानुसार अशा प्लगइनला आवाजाचे जितके नमुने (संगणक आवाज ज्या बारीक तुकड्यांत मोजून ठेवतो ते) दिले जातील, त्यांच्या जास्तीत जास्त दुप्पट ते परत देऊ शकतं. म्हणजे वेग निम्म्यापर्यंतच खाली येतो. मला तेवढं पुरे. मी ऐंशी टक्क्यांवर लावायचे. दुसरं 'जेन' गटातलं, कुठल्याही खिडकीतून प्लेअरला हुकूम देणारं. टायपिंग सोडायचं नाही; कंट्रोल, ऑल्ट आणि डावा बाण एकत्र दाबले की मुलाखत पाच सेकंद मागे. "काय म्हणाल्या?" असं मनात उमटायच्या आत बोटं मागे गेलेली असत. हे दोन छोटे नग नसते तर मी ते काम इतकी वर्षं केलं नसतं.

प्लगइन हातातून गेलं की काय होतं, ते मी तेव्हाही एकदा अनुभवलं आहे. २००२ साली विनॲम्पची तिसरी आवृत्ती आली, आतून पुरती नव्याने बांधलेली. दुसऱ्या आवृत्तीची प्लगइन्स तीत चालेनात. प्लेअर देखणा होता, पण माझी वेग कमी करणारी सोय नाही, मागे नेणारी कळ नाही. दोन दिवसांत मी दुसऱ्या आवृत्तीवर परतले. असे परतणारे पुष्कळ असावेत, कारण २००३च्या डिसेंबरात कंपनीने जुना पाया आणि नवं रूप एकत्र करून थेट पाचवी आवृत्ती काढली. दोन अधिक तीन पाच, असा विनोद त्यांनी स्वतःच केला. जुनी प्लगइन्स पुन्हा चालू लागली, म्हणून मला तो विनोद गोडही वाटला.

आता मूळ गोष्टीकडे येते. २००४ च्या सुमारास एका संशोधक बाईंसाठी मी वृद्ध सुईणींच्या मुलाखती उतरवल्या होत्या. एकूण त्रेसष्ट फाइल्स. रेकॉर्डर एका नावाजलेल्या कंपनीचा. त्या कंपनीने स्वतःचा फॉरमॅट आणि स्वतःचं एक्स्टेन्शन (फाइलच्या नावामागचं शेपूट) काढलं होतं, आणि रेकॉर्डरच्या डब्यातल्या सीडीवर दोन-तीन प्लेअरसाठी प्लगइन्स दिली होती. त्यातलं एक विनॲम्पचं. तेव्हा सगळं ठीक चाललं. काम संपलं, बाईंनी कागद नेले, फाइल्सची एक प्रत माझ्या कपाटात राहिली.

गेल्या वर्षी त्यांचा फोन आला. त्यांना आता शब्द नको होते, आवाज हवा होता. एका आजीबाईंनी एका प्रश्नावर किती वेळ गप्प राहून उत्तर दिलं होतं, ते त्यांना मोजायचं होतं. मी कागदावर तिथे तीन टिंबं दिलेली. तीन टिंबांत किती सेकंद मावतात, ते माझं मलाही सांगता येईना. त्यांच्याकडची प्रत केव्हाच गहाळ झाली होती.

मी नव्या संगणकावर फाइल उघडली. बहुतेक सगळं वाजवतो म्हणून नावाजलेल्या व्हीएलसी प्लेअरने फॉरमॅट ओळखता येत नाही असा निरोप दिला. व्हीएलसीलाही जे येत नाही, ते संपलंच, असं समजणारे खूप आहेत. आपल्या सदरलेखकांनीही तसंच धरलेलं दिसतं. माझा भाचा घरी आला होता, तोही म्हणाला, "मावशी, टाकून दे." मी सीडी शोधली. सापडली. तीवरची ती डीएलएल मी व्हीएलसीच्या प्लगइन्सच्या फोल्डरात नेऊन टाकली. काहीही झालं नाही. ना वाजलं, ना चूक दाखवली.

मग भाच्याने मला समजावलं, आणि खरं सांगायचं तर समजावता समजावता त्याला स्वतःलाही ते नीट कळलं. डीएलएल हे नुसतं आडनाव आहे. आडनाव सारखं म्हणून नातं निघत नाही. प्रत्येक प्लेअर आपल्या प्लगइनला एक ठरावीक प्रश्न विचारतो. विनॲम्प डीएलएल उघडून तीत एका विशिष्ट नावाचं फंक्शन (प्रोग्रामचा नाव दिलेला तुकडा) शोधतो, ते फंक्शन मग 'मी अमुक, मला या या फाइल्स वाचता येतात' अशी यादी हाती देतं. व्हीएलसी वेगळ्याच नावाचं फंक्शन शोधतो, आणि त्या नावात आवृत्तीची खूणही असते. माझं प्लगइन विनॲम्पच्या प्रश्नाचं उत्तर पाठ करून आलेलं, त्याला व्हीएलसीने दुसरंच विचारलं. ते गप्प बसलं.

भाच्याने गंमत म्हणून आणखी एक करून दाखवलं. व्हीएलसीच्या प्लगइन्सच्या फोल्डरचं नाव बदललं आणि प्रोग्राम सुरू केला. खिडकीसुद्धा उघडली नाही. १९९६ साली पॅरिसच्या एका अभियांत्रिकी महाविद्यालयातल्या विद्यार्थ्यांचा प्रकल्प म्हणून सुरू झालेला हा प्लेअर आत जवळजवळ पोकळ आहे. डिस्कवरून किंवा नेटवरून बाइट्स आणणारं एक प्लगइन, चित्र आणि आवाज वेगळे करणारं दुसरं, दोन्ही उलगडणारी आणखी, स्पीकरकडे नेणारं एक, आणि ज्या खिडकीत आपण बटणं दाबतो ती खिडकीही एक प्लगइनच. 'व्हीएलसी सगळं वाजवतो' याचा अर्थ, त्याच्याबरोबर शेकडो प्लगइन्स आधीच भरून येतात, इतकाच. माझ्या रेकॉर्डरचं त्या गर्दीत नव्हतं. मूळ कंपनीने फॉरमॅटची माहिती कधी उघड केली नव्हती, मग बाहेरच्या कुणी ते लिहावं तरी कसं?

पुढची पायरी भाच्याने सुचवली आणि तीही फसली. त्याच्या आवडीच्या एका प्लेअरमध्ये दुसरं एखादं प्लगइन मिळतं का पाहू म्हणाला. मिळालं एक जुनं, पण प्लेअर ६४ बिटचा आणि प्लगइन ३२ बिटचं (प्रोग्रामच्या या दोन जाती, ३२ ही जुनी). ६४ बिटच्या विंडोजवर ३२ बिटचे प्रोग्राम चालतात, त्यामुळे 'चालायला काय हरकत आहे' असं वाटतं. पण प्लगइन हा वेगळा चालणारा प्रोग्राम नसतो. ते प्लेअरच्याच पोटात जाऊन बसतं, त्याचीच मेमरी वापरतं. आणि एका पोटात ६४ आणि ३२ एकत्र बसत नाहीत. म्हणजे प्लगइन ३२ बिटचं असेल तर प्लेअरही ३२ बिटचाच हवा. हे वाक्य आपल्या सदरात छापलं असतं तर अर्ध्या लोकांचं काम झालं असतं.

त्याच नव्या संगणकावर मी माझा जुना, ३२ बिटचाच विनॲम्प बसवला, सीडीवरचं प्लगइन त्याच्या फोल्डरात टाकलं आणि पहिली फाइल ओढून सोडली. आजीबाई बोलू लागल्या. वीस वर्षांत फाइलचा एक बाइटही हललेला नव्हता.

आवाज ऐकू आला म्हणजे काम झालं असं नाही. हा संगणक बदलला की पुन्हा तेच. म्हणून मी 'आउट' गटातल्या डिस्क रायटरकडे वळले. हे प्लगइन आवाज स्पीकरकडे न धाडता वेव्ह फाइल म्हणून डिस्कवर लिहितं. म्हणजे विनॲम्पला जे वाजवता येतं, ते सगळं साध्या, कुणालाही वाचता येणाऱ्या स्वरूपात उतरवता येतं. ते निवडून प्ले दाबलं तर खोलीत शांतता आणि सेकंदांचे आकडे भरधाव पळताहेत. भाचा म्हणाला, बिघडलं. बिघडलं नव्हतं, ऐकवायचं नसल्यामुळे ते संगणकाच्या वेगाने लिहीत सुटलं होतं. तासाभराची मुलाखत थोड्याच वेळात उतरली.

इथे मी एक घोळ घातला, तो सांगते म्हणजे दुसऱ्या कुणाचा वेळ वाचेल. पहिल्या चार फाइल्स उतरवून झाल्यावर लक्षात आलं, की सगळ्या आज्या जरा जास्तच विचार करून बोलताहेत. पेसमेकर चालू राहिलं होतं, ऐंशी टक्क्यांवर! डीएसपीचं स्थान 'इन' आणि 'आउट' यांच्या मधे. तेव्हा आवाजावर जो संस्कार चालू असेल तो डिस्कवरही उतरतो. बाईंना शांतता सेकंदांत मोजायची होती आणि मी त्यांना सव्वापट लांबवलेली शांतता देणार होते. चारही पुसल्या, डीएसपी बंद केलं, इक्वलायझर बंद केला, पुन्हा पहिल्यापासून.

बोलण्याचंच मुद्रण, सेकंदाला ८,००० नमुने, एकच चॅनेल, प्रत्येक नमुना १६ बिटचा. वेव्ह फाइल तासाला साधारण ५७ एमबी भरते. ती मी पुढे फ्लॅक या, आवाज कमी जागेत साठवणाऱ्या फॉरमॅटमध्ये बदलली. फ्लॅक निवडायचं कारण, ते आवाजातलं काही टाकून देत नाही, पुढे काही बिघडलं तर ओळखता यावं म्हणून मूळ आवाजाची तपासणी-संख्या फाइलमध्येच लिहून ठेवतं, आणि त्याची सगळी घडण उघड आहे. डिसेंबर २०२४ मध्ये ती इंटरनेटच्या मानकांच्या दस्तऐवजमालेत आरएफसी ९६३९ या क्रमांकाने मानक म्हणून प्रसिद्धही झाली. उद्या जगातली फ्लॅकची सगळी प्लगइन्स नाहीशी झाली तरी तो दस्तऐवज समोर ठेवून कुणीही नवं लिहू शकेल. माझ्या रेकॉर्डरच्या कंपनीबद्दल हे म्हणता येत नाही. मूळ त्रेसष्ट फाइल्स मी पुसल्या नाहीत. त्यांच्याच फोल्डरात ते प्लगइन, जुन्या विनॲम्पचा इन्स्टॉलर आणि कशाने काय उघडतं हे लिहिलेली एक साधी मजकूर फाइल ठेवली.

आता कोडेक पॅकबद्दल. प्लगइन ही गाण्यासारखी फाइल नव्हे, तो चालणारा प्रोग्राम आहे, आणि प्लेअरच्या पोटात बसत असल्यामुळे प्लेअरला जे जे करता येतं ते ते त्याला करता येतं. तुमची कागदपत्रं वाचणं, नेटवर काही पाठवणं, सगळं. 'हा व्हिडिओ पाहायला आमचा कोडेक घ्या' असं सांगून दाराच्या आत शिरणारं झ्लॉब नावाचं ट्रोजन (उपयोगी असल्याचं सोंग घेणारा घातक प्रोग्राम) २००५-०६ सुमारास खूप पसरलं होतं. २०२२ मध्ये सुरक्षा संशोधकांनी एक हल्ला उघडकीला आणला, त्यात हल्लेखोरांनी अस्सल व्हीएलसीलाच आपल्या कामाला जुंपलं होतं. प्लेअर खरा, त्याच्याबरोबर लोड होणारी डीएलएल त्यांची. आणि आपलं सदर म्हणतं, 'इंटरनेटवरून एखादा' पॅक उतरवा. एखादा म्हणजे कुठला? पॅक प्रामाणिक असला तरी त्रास वेगळाच. विंडोजच्या डायरेक्टशो या आवाज-चित्र वाजवणाऱ्या व्यवस्थेत प्रत्येक फिल्टरला (तिथल्या प्लगइनला) एक अग्रक्रम असतो. पॅकमधले पंचवीस फिल्टर आपापला अग्रक्रम सांगत घुसतात, आणि काल चांगला दिसणारा व्हिडिओ आज उलटा किंवा मुका होतो. माझ्या शेजारच्या संगणकावर हे मी डोळ्यांनी पाहिलं आहे. एका फाइलसाठी एक प्लगइन हवं असतं; अख्खा बाजार घरात आणायचं कारण नसतं.

विंडोजऐवजी लायनक्स वापरणाऱ्यांचंही थोडं. तिथल्या जीस्ट्रीमर या आवाज-चित्र वाजवणाऱ्या व्यवस्थेत प्लगइन्सच्या संचांना 'चांगले', 'वाईट' आणि 'कुरूप' अशा अर्थाची इंग्रजी नावं आहेत. ओळखीचे एक गृहस्थ 'कुरूप' संच बसवायला तयार नव्हते, संगणक खराब होईल म्हणून. प्रत्यक्षात कुरूप म्हणजे लिखाण उत्तम, पण वाटताना पेटंट वा परवान्याची अडचण येऊ शकते असे. वाईट म्हणजे अजून पुरेसे तपासून न झालेले. एमपीथ्री उलगडणारं प्लगइन वर्षानुवर्षं 'कुरूप' होतं. २०१७ मध्ये एमपीथ्रीचा परवाना-कार्यक्रम बंद झाला आणि पुढच्या वर्षी तेच प्लगइन 'चांगल्यां'त जाऊन बसलं. दोष कागदपत्रांत होता.

सदरलेखकांवर माझा राग नाही. जागा थोडी, प्रश्न पुष्कळ. पण 'वाजत नाही' आणि 'खराब झाली' यांतला फरक तीन ओळींतही मावतो. खराब झालेली फाइल बहुधा ज्या प्लेअरवर पूर्वी वाजायची त्यावरही अडखळते किंवा मधेच तुटते. एका रेकॉर्डरच्या सगळ्याच्या सगळ्या फाइल्स एकाच दिवशी, नवा संगणक आल्यावर गप्प झाल्या, तर फाइल्सवर संशय घेण्याआधी मधला दुभाषी, म्हणजे प्लगइन, बरोबर आला आहे का ते पाहावं.

त्या वाचकांना माझा निरोप पोहोचवावा: फाइल्स पुसू नका. जुना संगणक भंगारात दिला नसेल तर तो सुरू करून ज्या प्लेअरवर ऐकत होतात त्याच्या फोल्डरातला 'प्लगइन्स' हा फोल्डर आख्खा पेनड्राइव्हवर घ्या, प्लेअरची आवृत्ती कागदावर लिहा, ३२ बिट की ६४ तेही लिहा. रेकॉर्डरच्या डब्यातली सीडी बघा. आमच्याकडे ती वॉरंटी कार्डाच्या मागे चिकटलेली निघाली. फाइल एकदा बोलू लागली की डीएसपी बंद आहे ना याची खात्री करून सगळ्या उतरवून घ्या. माझ्या संशोधक बाईंनी त्या आजीबाईंची शांतता मोजली. अकरा सेकंद भरली.

कळावे,
आपली नियमित वाचक
(निवृत्त शब्दांकनकार)